आमची वाटचाल : चित्रनगरी ते गुलमर्ग

शूटिंगसाठी ट्रेन केलेली कुत्री देणं हा आमचा धंदा. सुरुवात कोल्हापूरजवळच्या मोरेवाडीच्या चित्रनगरीत सिरीयलपासून झाली, दारात बसायचं, भुंकायचं, मालकामागं पळायचं, एवढंच काम. पण आमचं नाव झालं ते बर्फातल्या कामामुळं, आणि ते आमच्या राणानं केलं, जर्मन शेफर्ड.

एका स्कीइंगच्या फिल्मला हिमस्खलनात गाडलेला माणूस हुडकणारा कुत्रा पाहिजे होता. प्रॉडक्शनवाल्यांचा आग्रह हस्कीचा, दिसायला भारी म्हणून. मी म्हटलं दादा, हस्की स्लेज म्हणजे बर्फावरची घसरगाडी ओढणारी जात, आणि आमच्या उन्हाळ्यात त्याचे किती हाल होतात ते आम्ही बघतोय. बर्फाखालची माणसं हुडकायला परदेशात शेफर्ड वापरतातच, त्याच्या अंगावर पण दोन थरांची केसं असतात. पटलं त्यांना.

आता कोल्हापुरात बर्फ कुठनं आणायचा, मग वखारीतनं लाकडाचा भुसा आणून ढीग घातला, आत पिंप आडवं ठेवून त्यात आमचा पोरगा बसायचा आणि राणानं वासावर जाऊन उकरायचं, सापडला की चेंडू. स्कीवाल्याच्या बाजूनं पळायची सवय व्हावी म्हणून स्केटिंगच्या पोरांसोबत पळवून घेतला ते वेगळंच, कारण स्कीची, म्हणजे पायाला लावून बर्फावर घसरायच्या पट्टीची, कड धारदार असते, कुत्रा आडवा आला की पाय कापतोय. त्यामुळं बाजूनं अंतर ठेवून पळणं हे सगळ्यात आधी पक्कं करून घेतलं. बूट घालून चालायला मात्र लई वेळ लागला त्याला, पाय उचलून उचलून टाकायचा.

गुलमर्ग साधारण 2650 मीटरवर आहे, तिथं गेल्यावर आधी नुसतं फिरवलं, हवा अंगवळणी पडू दिली. बोटांमधल्या केसात बर्फाचे गोळे अडकतात, म्हणून केस बारीक करून पंजांना मेण लावायचं, टेक छोटे घ्यायचे आणि मधल्या वेळात राणा गरम गाडीत. डायरेक्टर थांबतील, कुत्रं थंडीत थांबणार नाही, हे आम्ही आधीच ठरवून घेतो.

लोक विचारतात एकाच कुत्र्याकडनं सगळं होत नाही का? नाही होत. 'एट बिलो' (2006) या हॉलिवूड फिल्ममध्ये पडद्यावर आठ कुत्री आहेत पण त्यासाठी तीसच्या वर कुत्री वापरली होती, पळायला वेगळं, क्लोजअपला वेगळं. आम्ही पण राणाला जोडीदार नेतोच, खर्च वाढतो पण त्याच्यावर ताण येत नाही.

आणि कागदपत्रं. 2001 च्या नियमांप्रमाणं शूटिंगच्या प्राण्याची ॲनिमल वेल्फेअर बोर्डाकडं नोंदणी लागते, त्यात वेळ जातो, म्हणून तारखा ठरवायच्या आधी फोन करा.

राणानं नंतर बर्फातली अजून कामं केली, आता वय झालंय म्हणून थंडीतलं काम बंद केलंय, तो चित्रनगरीतली बसून करायची कामं करतोय. त्याची पोरगी सध्या भुशात उकरायला शिकतीये, पण पंजे पूर्ण भरल्याशिवाय तिला गुलमर्गला नेणार नाही, कुणी कितीही पैसे दिले तरी.