संमतीपत्र दुसऱ्यांदा लिहून घेतलं तेव्हा

दसरा झाला की बीडकडची गावं रिकामी व्हायला लागतात. ऊसतोडीवर माहितीपट करायचा म्हणून मीही एका टोळीबरोबर निघाले. सोबत कॅमेरा, दोन लेपल माइक आणि संमतीपत्रांचा गठ्ठा. कोप्या, म्हणजे मजुरांच्या झोपड्या, उभ्या राहिल्या त्याच संध्याकाळी सगळ्यांच्या सह्या, अंगठे घेऊन टाकले. शेजारी टोळी जमवणारा मुकादम उभा होता. "करा सही," तो म्हणाला, आणि सगळ्यांनी केली. उचल, म्हणजे हंगामाआधीची आगाऊ रक्कम, त्याच्याकडून घेतलेली. हिशेबात नवरा-बायको मिळून एक 'कोयता', आणि उचल फिटेपर्यंत दोघंही बांधलेली. त्याच्यासमोर नाही कोण म्हणणार? हे मला तेव्हा कळायला हवं होतं.

शूटिंगचे हाल सगळ्यांचे होतात तसेच झाले. बॅटऱ्या किराणा दुकानात चार्ज करायच्या, पहाटेच्या अंधारात फडावर पोचायचं. लेपल माइक पदराखाली लावला की बोलण्यापेक्षा पाचटाची खरखरच जास्त. शेवटी माइक काढले आणि बाया संध्याकाळी चुलीपाशी बोलायच्या तेव्हा मी जवळ बसून रेकॉर्ड करू लागले.

चौसष्ट तासांचं फुटेज बावन्न मिनिटांवर आणायला पाच महिने गेले. तिसरा कट झाल्यावर लॅपटॉप घेऊन त्यांच्या गावी गेले. टोळी परतली होती, मुकादम जवळपास नव्हता.

जिच्याभोवती फिल्म उभी होती, तिनं शेवटपर्यंत पाहिलं. मग म्हणाली, "ताई, त्ये उचलीचं बोलणं काढा. पुढच्या साली घ्यायचा न्हाई तो आमाला."

ती चार मिनिटं म्हणजे माझ्या फिल्मचा कणा होता. चेहरा झाकते म्हटलं, आवाज बदलते म्हटलं.

"गावात कुणाचं बोलणं हाय ते कळत न्हाई व्हय?"

काढलं. फिल्म कोलमडेल असं वाटलं होतं, आणि दोन आठवडे ती खरंच उभी राहीना. आता उचलीचा हिशेब पडद्यावर अक्षरांत येतो, कुणाच्याच तोंडून येत नाही. तो भाग पूर्वीपेक्षा कमजोर आहे. तरी तिचा पुढचा हंगाम पणाला लावून तो भक्कम करायचा अधिकार मला नव्हता, यावर मी ठाम आहे.

दुसरी तक्रार मला अजिबात अपेक्षित नव्हती. मोळी डोक्यावर घेऊन ती फळीवरून ट्रकवर चढते, तो शॉट मी लय साधायला नऊ सेकंदांवर आणला होता. ती म्हणाली, "एवढंच? एवढ्यात तर मोळी डोक्यावर बी येत न्हाई."

मूळ शॉट एक मिनिट पन्नास सेकंदांचा होता. तो तसाच ठेवला. ती मोळी उचलते, चढते, टाकते, रिकामी खाली येते, तोवर कट नाही.

निघताना नवं संमतीपत्र पुढे केलं. "आधी वाचून दावा," ती म्हणाली. कोपीसमोर त्या संध्याकाळी हे कुणीच म्हटलं नव्हतं. मी वाचलं. दोन ठिकाणी तिनं थांबवलं, एक ओळ खोडायला लावली, आणि मग सही केली.