काकाजींची मराठी

आठवीच्या उन्हाळ्याच्या सुट्टीत मी पुण्याला मामाकडे गेलो होतो. खाली अंगणात उभं राहून मामेभावाला हाक मारली, "चल रे, मी केव्हाची वाट पाहून राहिलोय!" वर गॅलरीत चार पोरं उभी होती. ती जी हसली, ते हसणं मला सुट्टीभर पुरलं. पुढचे दिवस मी त्यांच्यासमोर शब्द मोजून बोललो. इंदूरला परतलो तेव्हा आपली मराठी उष्टी आहे, अस्सल नाही, हे मनात घट्ट बसलं होतं.

ते मनातून काढलं आपल्या शाळेतल्या मराठीच्या सरांनी.

१९७४ साल. पु. ल. देशपांडे त्या वर्षी इचलकरंजीच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष होते. स्नेहसंमेलनासाठी सरांनी त्यांच्या 'तुझे आहे तुजपाशी'मधला एक प्रवेश निवडला आणि काकाजी मला दिले. नाटक १९५७चं, आणि घडतं ते आपल्या इंदुरात! शिकार, खाणंपिणं, गप्पा, सगळं मनापासून भोगलेले काकाजी एकीकडे आणि व्रतस्थ आचार्य दुसरीकडे. काकाजी बोलतात ती मराठी हिंदी-उर्दूत भिजलेली. पहिल्या तालमीत मी ती वाक्यं मुद्दाम 'शुद्ध' करून म्हटली. सरांनी वही मिटली. "तुझे आजोबा घरी असेच बोलतात का रे?"

आजोबांची सारी नोकरी होळकर दरबारात गेलेली. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी सर आमच्या रामबागेतल्या घरी आले, ओट्यावर आजोबांशेजारी बसले आणि मला समोर बसवून म्हणाले, "फक्त बघ." आजोबा सुपारी कातरत जुनी हकिकत सांगत होते. वाक्य अर्ध्यावर यायचं, अडकित्ता थांबायचा, ते समोरच्याकडे पाहायचे, 'कट्' आवाज व्हायचा आणि मग उरलेला शब्द यायचा. त्या शब्दाला सर खळखळून हसायचे. जन्मापासून ऐकत आलो होतो, पण बोलण्यातली ही जागा मला त्या संध्याकाळी पहिल्यांदा दिसली.

तालमी संपल्या की सर पु. लं.बद्दल सांगत. १९५३च्या 'गुळाचा गणपती'त कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि वर नायकाची भूमिका, सगळं या एकाच माणसाचं. भीमसेन जोशींचं 'इंद्रायणी काठी' त्याच चित्रपटातलं. बालवर्गात आम्ही ज्यावर हात हलवत नाचलो होतो, त्या 'नाच रे मोरा'ची चालही त्यांचीच, हे ऐकून तर आम्ही अवाक झालो. बेळगावच्या कॉलेजात शिकवलं, आकाशवाणीवर काम केलं, दूरदर्शनच्या सुरुवातीच्या दिवसांत पंडित नेहरूंची मुलाखत घेतली. 'बटाट्याची चाळ'चा प्रयोग ते एकटेच करत. एक माणूस, आणि रंगमंचावर अख्खी चाळ! हे सांगताना सरांचे डोळे चमकत.

लोक त्यांना विनोदी लेखक म्हणतात आणि तिथंच थांबतात. मला ते नेहमी अपुरं वाटत आलं आहे. पेटी वाजवणारा तो माणूस. त्याचा कान आधी, लेखणी नंतर. मुंबईत वाढलेल्या माणसानं आमच्या ओट्यांवरचं बोलणं किती नीट ऐकलं असेल! त्यातून त्यांनी टिंगलीचं पात्र केलं नाही, नाटकाचा सगळ्यात लोभस माणूस केला. प्रेक्षक काकाजींना हसत नाहीत, काकाजींबरोबर हसतात. चौदा वर्षांच्या इंदुरी मुलाला याचं काय मोल होतं, ते शब्दांत सांगणं कठीण आहे. पुढं मध्य प्रदेश सरकारनं पु. लं.ना कालिदास सन्मान दिला तेव्हा मी बँकेत होतो. सगळ्या स्टाफला सराफ्यातून आणलेली जिलबी वाटली.

प्रयोगाच्या रात्री आजोबांचा अडकित्ता मी मागून नेला. सरांनी एकच सूचना दिली होती: हशा आला की थांबायचं, तो उतरायला लागला की बोलायचं, त्याआधी नाही. पहिलं वाक्य अर्ध्यावर आणलं, थांबलो, आचार्य झालेल्या मित्राकडे पाहिलं आणि अडकित्ता दाबला. शेवटचा शब्द तोंडातून निघायच्या आतच सभागृह हसलं. बाजूला विंगेत सर एका हातानं 'थांब, थांब' खुणावत होते आणि दुसऱ्या हातानं डोळे पुसत होते.

आजोबा दुसऱ्या रांगेत होते. घरी जाताना टांग्यात नाटकाबद्दल ते अक्षरही बोलले नाहीत. राजवाड्याजवळ टांगा हळू झाला तेव्हा त्यांनी हात पुढे केला, अडकित्ता मागून घेतला, कनवटीची सुपारी काढली आणि अंधारातच बारीक कातरली. आयुष्यात पहिल्यांदा त्यातली चिमूटभर त्यांनी माझ्या तळहातावर ठेवली.