ठिणगुल्या कशा सापडल्या

एका दिवाळी अंकासाठी मुलांची गोष्ट लिहायला घेतली होती. जग माझंच, नाव फुफाटी. तिथे करंगळीच्या नखाएवढे आगीचे जीव राहतात, त्यांना मी ठिणगुल्या म्हणते. पंधरा पानं झाली आणि भाचीला वाचून दाखवली. ती चौथीत आहे. मध्येच म्हणाली, "मावशी, त्या जेवतात काय?"

"जादूच्या आहेत ना गं. त्यांना भूक लागत नाही."

"मग मरत पण नाहीत?"

"नाही."

तिनं जांभई दिली. अंकाकडून गोष्ट साभार परत आली ती पुढच्या महिन्यात, पण ती संपली होती त्याच संध्याकाळी.

मग ठरवलं, आधी आग नीट बघायची. सुरुवात काजव्यांपासून केली. पावसाळ्याच्या तोंडावर भंडारदऱ्याला गेले. झाडच्या झाड एका तालात लुकलुकत होतं. एक काजवा मनगटावर येऊन बसला, त्याचं पोट उजळायचं आणि विझायचं, पण कातडीला काहीच जाणवत नव्हतं. त्याच्या अंगात ल्युसिफेरिन नावाचं द्रव्य ऑक्सिजनशी मिळतं तेव्हा हा उजेड पडतो, आणि त्यात उष्णता जवळजवळ नसतेच. तिथून परतताना मन भरलं होतं, तरी एवढं कळलं होतं की हे माझे जीव नव्हेत. ठिणगुलीला चटका हवा.

नंतर जुन्या नाशकात तांबट आळीत जाऊन बसले. तांबं तापवायचं, पाण्यात बुडवून मऊ करायचं, मग ठोकायचं. त्या ठोक्यांत शेजारच्याचं बोलणंही ऐकू येत नाही. कल्हईही पाहिली. भांडं तापलं की नवसागर टाकतात, पांढरा धूर उठतो. कथील 232 अंशांना वितळतं, त्यामुळे त्याचा तुकडा नुसता टेकवला तरी पसरतो आणि कापसाच्या बोळ्यानं फिरवला की आतून चांदीसारखं होतं. घरी येऊन वाचत बसले. तांब्याच्या क्षारांनी ज्योत हिरवी होते, मिठानं पिवळीधमक. म्हणजे आग जे खाते त्याचा रंग तिला चढतो! भाचीच्या प्रश्नाचं निम्मं उत्तर इथे मिळालं. फुफाटीत आता कोण कुठल्या घरची ते अंगाच्या रंगावरून कळतं.

उरलेलं निम्मं सापडलं आजोळी, दिंडोरी तालुक्यात. मामी अजून चुलीवर भाकरी करतात. शेवटची भाकरी झाल्यावर त्यांनी तवा उतरवून भिंतीला उभा केला आणि म्हणाल्या, "बघ, तवा हसतोय." तव्याच्या बुडाला काजळी होती आणि तिच्यावर लालचुटूक ठिपके पळत होते. लहानपणी शंभरदा पाहिलेलं, पण या वेळी जमिनीवर बसून, डोळे अगदी जवळ नेऊन पाहिलं. ठिपका एका जागी थांबत नाही. शेजारचा काजळीचा कण धरतो, तो संपला की पुढचा. मागे राहतं ते नुसतं लोखंड, तिथे खायला काहीच उरलेलं नसतं. एक ठिपका गोल फिरून स्वतःच्याच वाटेपाशी आला आणि विझला.

मी तिथेच वही मागितली. ठिणगुलीला आल्या वाटेनं परत जाता येत नाही. इतक्या दिवसांत मला एवढा एकच नियम हवा होता. तो मिळाल्यावर कोण कुणाला सोडून जातं, कोण वाट बघतं, सगळं आपोआप ठरत गेलं. आधीची पंधरा पानं मी फाडली, त्याचं अजिबात वाईट वाटलं नाही.

झोपेचंही तसंच सुटलं. आजी रात्री विस्तव राखेखाली झाकून ठेवायची आणि पहाटे राख सारून फुंकर घालायची. आपण म्हणतो आगीतून फुफाट्यात, म्हणजे एका संकटातून दुसऱ्यात. ठिणगुलीला मात्र दिवसभर धावून फुफाट्यात पडणं म्हणजे घरी पोहोचणं. जगाचं नाव मी आधीच ठेवून बसले होते, त्याचा अर्थ असा मागाहून लागला.

सध्या आषाढाचं प्रकरण चालू आहे. चूल विझली की आजी शेजारून गोवरीच्या तुकड्यावर विस्तव आणायची, पाऊस असला तर इरल्याखाली धरून. माझी धाकटी ठिणगुली तशीच निघाली आहे. इरलं गळतंय, गोवरी निम्मी खाऊन झाली आहे आणि समोरचं दार अजून कुणी उघडलेलं नाही.