ऐकणारा नट

नट मायकेल लॉन्सडेल २१ सप्टेंबर २०२० रोजी पॅरिसमध्ये वारले. वय ८९. दुसऱ्या दिवशी सकाळीच एका फिल्म सोसायटीच्या बाईंचा फोन आला: संध्याकाळी ऑनलाइन श्रद्धांजली सभा आहे, पाच मिनिटांची रील करून द्याल का? मी एडिटर. अशा रीलची रीत ठरलेली असते. गाजलेले संवाद उचलायचे, एकापुढे एक लावायचे, खाली संगीत सोडायचं.

लॉन्सडेल यांच्यापुढे ही रीत चालेना. नुसते संवाद लावले की माणूसच हरवायचा.

‘द डे ऑफ द जॅकल’ (१९७३) घ्या. मंत्र्यांच्या बैठकीत पोलीस अधिकारी लबेल (लॉन्सडेल) एका फोनचं रेकॉर्डिंग ऐकवतो आणि बैठकीतलाच एक बडा अधिकारी उघडा पडतो. कुणाचा फोन टॅप करायचा हे तुम्हाला कसं कळलं, असं विचारल्यावर तो सांगतो की कळलं नव्हतं, म्हणून सगळ्यांचेच केले. या वाक्यावर टाळी घ्यायचा मोह कुठल्याही नटाला झाला असता. लॉन्सडेल ते हिशेब सांगावा तसं सांगतात आणि प्रसंग समोरच्यांच्या चेहऱ्यांना देऊन टाकतात. कट तिथेच करावा लागतो, दुसरीकडे जमतच नाही. ‘मूनरेकर’ या बाँडपटातला (१९७९) त्यांचा खलनायक ड्रॅक्सही आवाज चढवत नाही. आणि हाच माणूस ‘इंडिया साँग’मध्ये (१९७५) लाहोरचा उपवाणिज्यदूत होऊन असा आक्रोश करतो की मला हेडफोन काढून ठेवावे लागले.

दुपारचा सगळा वेळ ‘ऑफ गॉड्स अँड मेन’मध्ये (२०१०) गेला. अल्जीरियातल्या मठातले, १९९६ मध्ये अपहरण होऊन मारले गेलेले ख्रिस्ती संन्यासी हा त्याचा विषय. चित्रीकरण मोरोक्कोत झालं. लॉन्सडेल यांच्या बालपणाची काही वर्षंही तिथलीच. ते डॉक्टर असलेले ब्रदर लूक झालेत. गावातली एक तरुण मुलगी बाकावर त्यांच्याशेजारी बसून विचारते, प्रेमात पडलं की काय होतं? म्हातारा संन्यासी जराही न लाजता सांगतो. आपणही प्रेमात पडलो होतो, एकदा नव्हे, अनेकदा. मग त्याहून मोठं प्रेम भेटलं. मी त्यांचं बोलणं ठेवलंच, पण ती बोलत असतानाचे त्यांचे शॉटही पूर्ण ठेवले. किती मन लावून ऐकतात! पन्नासहून जास्त वर्षं दुय्यम भूमिका करणाऱ्याकडेच हे येत असावं, असं मला मनापासून वाटतं. याच भूमिकेसाठी त्यांना पहिलं सेझार हे फ्रेंच चित्रपट पारितोषिक मिळालं, २०११ मध्ये, वयाच्या ७९व्या वर्षी.

रील लांबली. बाई म्हणाल्या, बाक कमी करा, लोक त्यांना बाँडपटामुळेच ओळखतात. मी नाही म्हटलं. शेवटी ड्रॅक्सला काही सेकंद उरले आणि बाक पूर्ण राहिला. सभेत त्याच तुकड्यावर सगळ्यात जास्त बोलणं झालं.