सातवं अक्षर: आमच्या कोडिंग ऑफिसची वाटचाल

2014 च्या दसऱ्याला टिळकवाडीत दुसऱ्या रेल्वे गेटजवळच्या भाड्याच्या खोलीत आम्ही दोन कॉम्प्युटरांची पूजा केली. एक माझा, एक सिस्टरांचा. पुण्यात सहा वर्षं मेडिकल कोडिंग, म्हणजे डॉक्टरांच्या नोंदी वाचून विम्याच्या क्लेमसाठी आजाराचे ठरलेले कोड लावण्याचं काम, करून मी बेळगावला परतलो होतो. सिस्टर बर्न्स वॉर्डातून नुकत्याच निवृत्त झाल्या होत्या. त्यांना माउस धरता येत नव्हता आणि मला जखम कळत नव्हती. भागीदारी तिथेच ठरली.

आमचं काम अमेरिकेतल्या दवाखान्यांचं. वर्षभरात, 1 ऑक्टोबर 2015 ला, अमेरिकेने आयसीडी-9 ही आजारांच्या कोडची जुनी यादी सोडून आयसीडी-10-सीएम ही नवी घेतली. मोठ्या कंपन्यांचे जुने कोडर गडबडले. आमच्याकडे शिकायला आलेल्या पोरींना जुनी सवयच नव्हती, म्हणून काम मिळालं. जुन्या पद्धतीत तव्याने भाजलेलं आणि ॲसिडने भाजलेलं एकाच गटात पडायचं. नव्यात वेगळं झालं: उष्णतेचं ते बर्न, रसायनाचं ते करोजन. उजव्या हाताच्या पाठीवर दुसऱ्या डिग्रीचं (डिग्री म्हणजे किती खोल भाजलं ते) भाजलं असेल तर टी23.261, आणि तेच रसायनाने झालं असेल तर टी23.661. शिवाय करोजनच्या आधी रसायनाचा कोड लागतो. अपघाताने ॲसिड सांडलं तर टी54.2एक्स1, अल्कली असेल तर टी54.3एक्स1. मधला एक्स नुसती जागा धरतो, पण तो विसरलात की क्लेम परत. या प्रत्येक कोडच्या शेवटी सातवं अक्षर लागतं, ए, डी किंवा एस. एस म्हणजे भरलेल्या जखमेने मागे ठेवलेला त्रास.

सिस्टरांनी पोरींना हे पुस्तकातून शिकवलं नाही. माझे मामा उद्यमबागेत प्लेटिंगच्या, म्हणजे धातूला मुलामा देण्याच्या, टाकीवर होते. एका दुपारी ते डबा द्यायला आले आणि सिस्टरांनी त्यांना बसवून घेतलं. "मामा, हात ठेवा टेबलावर." उजव्या हाताच्या पाठीवर चकचकीत, ताणलेली कातडी, करंगळीच्या मुळाशी दोरीसारखा व्रण. "मूठ वळा." चार बोटं वळली, करंगळी अर्ध्यात थांबली. खानापूरची, निपाणीची आणि हुक्केरीची अशा तीन पोरी खुर्च्या ओढून बघत होत्या. सिस्टर म्हणाल्या, "जखम कधीच भरली. आता मामा डॉक्टरांकडे जातील ते या व्रणासाठी. म्हणून व्रणाचा कोड आधी, एल90.5, आणि मूळ भाजल्याचा कोड मागून, शेवटी एस." मामांनी हात मागे घेतला आणि विचारलं, "झालं का गं माझं?" त्या तिघींपैकी कोणीही पुढे एस चुकवला नाही.

सिस्टर साखर कारखान्यातल्या कामगारांबद्दलही सांगायच्या. बाष्पीभवनाच्या नळ्या धुताना कॉस्टिक उडतं. ॲसिड कातडी गोठवतं, त्यामुळे बऱ्याचदा स्वतःच अडतं. कॉस्टिक मांस विरघळवत आत जातं. पहिल्या दिवशी लालसर वाटणारी जागा चौथ्या दिवशी काळी दिसते. म्हणून फॉलोअपच्या, म्हणजे नंतरच्या भेटीच्या, चार्टमध्ये (रुग्णाच्या नोंदीत) डॉक्टरांनी त्या दिवशी लिहिलेली डिग्री वाचायची, पहिल्या भेटीतली उचलून चिकटवायची नाही. आणि डॉक्टरांनी डिग्री लिहिलीच नसेल तर आपल्या मनाने ठरवायची नाही, विचारायचं. आम्ही अशा शंका रोज पाठवायचो. पुढे त्याच कामी आल्या.

आमचं कोडचं पुस्तक आजोबांच्या पोथीच्या ठवणीवर असायचं, अजूनही असतं. दर ऑक्टोबरला कोड बदलतात, तेव्हा नवं पुस्तक येतं आणि जुनं खाली कपाटात जातं. टी20 ते टी32 च्या पानांच्या कडा बोटांनी मळून तांबूस झालेल्या असतात. सॉफ्टवेअर आहे, सर्चची चौकट आहे, पण माझा नियम असा की आधी अनुक्रमणिका, मग यादी, मग त्या गटाच्या डोक्यावरच्या सूचना. सर्चमध्ये टाइप करून पहिला दिसेल तो कोड उचलणारा माणूस मी ठेवत नाही. नव्याने या धंद्यात येणाऱ्यांनीही ठेवू नये.

2016 ते 2018 काम चाललं, माणसं अकरा झाली. आता 2019 चं सांगतो.

आमचा बराच माल एका मध्यस्थ कंपनीमार्फत यायचा. करारात अचूकता 95 टक्के. जानेवारीच्या शेवटी त्यांच्या ऑडिटरने चाळीस चार्ट काढले आणि सात चुका दाखवल्या. म्हणजे 82.5 टक्के. जानेवारी आणि फेब्रुवारीची दोन्ही बिलं अडवली.

सातपैकी दोन चुका आमच्या होत्या. एका ठिकाणी टी54 लावायचा राहिला होता, दुसऱ्या ठिकाणी करोजनऐवजी बर्न पडलं होतं. त्या मी मान्य केल्या. उरलेल्या पाच जणांच्या हातावर-पायावर फॉलोअपच्या भेटीत कातडी बसवली होती, आणि आम्ही ए लावला होता. ऑडिटरचं म्हणणं, दुसरी भेट म्हणजे डी. इंग्रजी नावं वरवर वाचली तर कोणालाही तसं वाटेल. पण ए म्हणजे पहिली भेट नव्हे. ए म्हणजे सक्रिय उपचार चालू आहेत. भेट चौथी असो, डॉक्टर नवा असो, त्या दिवशी कातडी बसवली असेल तर ए. जखम आपल्या वाटेने भरत आहे आणि नुसतं ड्रेसिंग, तपासणी चालली आहे, तर डी. हे माझं मत नाही, कोडिंगच्या अधिकृत मार्गदर्शक सूचनांतच आहे. त्याच सूचनांत असंही आहे की न भरलेली जखम ताजी म्हणूनच धरायची, आणि एकाच माणसाची एक जागा भरून व्रण झाला असेल, दुसरी अजून ओली असेल, तर एका चार्टवर एस आणि ए किंवा डी दोन्ही येऊ शकतात. मी पान, परिच्छेद, सगळं जोडून पाठवलं. पाच काढल्या तर चाळीसपैकी अडतीस बरोबर, म्हणजे बरोबर 95 टक्के. उत्तर एका ओळीचं आलं: निर्णय अंतिम आहे.

आठ दिवसांनी कळलं की ते काम बेळगावातच दुसऱ्या ऑफिसला गेलं आहे. ते ऑफिस चालवणारा माणूस माझ्याच टेबलावर शिकला होता. मामांच्या हाताची गोष्ट त्याने स्वतः नव्या पोरींना सांगितलेली मी ऐकली आहे. तीन महिन्यांपूर्वी घरचं कारण सांगून गेला होता. कातडी बसवली की ए, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. फॉलोअपला सरसकट डी लावून देतो म्हणाला आणि काम घेतलं. कमी दराचं मला वाईट वाटलं नाही, दर कोणीही कमी करावा. माहीत असून चुकीचं लिहून देणं मला आजही पचत नाही.

बायकोचे पाटल्या आणि गोठ सोसायटीत ठेवले. मार्चचे पगार दिले, एप्रिलचे अर्धे दिले. चार जण गेले, त्यांना मी दोष देत नाही. सिस्टरांनी आपला हिस्सा घेतला नाही. लाईट गेली की इन्व्हर्टरवर दोनच मॉनिटर चालायचे, त्यावर आम्ही आळीपाळीने बसायचो.

मे महिन्यात ओहायोमधल्या एका लहान जखमांच्या क्लिनिकच्या बिलिंग मॅडमचा मेल आला. त्यांचे चार्ट आमच्याकडे मध्यस्थामार्फतच यायचे, आमचं नाव त्यांना कळण्याचं कारण नव्हतं. पण काम दुसऱ्या ऑफिसकडे गेल्यावर शंका यायच्या बंद झाल्या आणि क्लेम परत यायला लागले. डिग्री विचारणारी, डावा हात की उजवा हे विचारणारी माणसं कुठे गेली, म्हणून त्यांनी शोधत शोधत आम्हाला गाठलं. मध्यस्थाचा करार त्यांनी संपू दिला आणि ऑगस्टपासून थेट काम दिलं. सुरुवातीला दिवसाला पंधरा चार्ट. आज आमच्याकडे सहा क्लिनिकं आहेत, त्यातली चार त्याच मॅडमच्या ओळखीतून आली. त्यांना आम्ही एकदाही प्रत्यक्ष भेटलेलो नाही. दिवाळीला इथून कुंदा पाठवता येत नाही याचं सिस्टरांना फार वाटायचं.

ऑफिस काढणाऱ्यांना सांगतो. वाद झाला तर कुठली सूचना प्रमाण धरायची, हे करारात लिहून घ्या, आणि ऑडिटवर दाद मागायला किती दिवस तेही. तीन महिन्यांचे पगार बाजूला असल्याशिवाय सहावा माणूस घेऊ नका. आणि नोकरीची हमी देऊन लाखभर घेणाऱ्या क्लासला पोरांना पाठवू नका. शरीररचनेचं एक पुस्तक आणि एखादी निवृत्त नर्स पुरे.

सिस्टर 2022 पासून घरी असतात, डोळ्यांनी त्रास दिला. कातडी बसवलेला चार्ट आला की निपाणीची पोरगी, आता तीच क्यूए, म्हणजे कामाची तपासणी, बघते, नव्यांना विचारते, "त्या दिवशी डॉक्टरांनी काय केलं?" भेट कितवी ते विचारत नाही.

जानेवारी आणि फेब्रुवारी 2019 ची दोन बिलं अजून फाईलला आहेत. दर एप्रिलला सीएकडे हिशोब जातो. ते म्हणतात, बुडीत खात्यावर टाका. मी टाकत नाही.