तुम्ही विचारलंत म्हणून: ‘ते खरं असतं का?’

मालाडच्या एका पॉर्न स्टुडिओत मी दीड वर्ष एडिटर होतो, हे कळलं की माणसं आवाज खाली आणून हेच विचारतात. ते रिअ‍ॅलिटीवालं, पहिल्यांदाच आलेली मुलगी वगैरे, खरं असतं का?

नसतं. ‘पहिल्यांदाच’ आलेली एक बाई आमच्याकडे तीन वेगळ्या नावांनी येऊन गेली. पैसे ती स्वतः ठरवायची, आणि कुणी बिचारी म्हटलेलं तिला खपत नसे. सगळ्याच फसलेल्या असतात असं मी म्हणणार नाही.

पण एक फुटेज सांगतो. सव्वीस वर्षांची बाई, हातात आधार कार्ड, ‘मी स्वखुशीने काम करते आहे’ एवढंच म्हणायचं. अंगठ्याखाली फोटो झाकला जात होता, तो दोनदा सरकवायला लावला. तिसऱ्या टेकनंतर तिने विचारलं, ‘इकडे कुणाला दिसणार नाही ना?’ कॅमेऱ्यामागून उत्तर आलं, ‘नाही गं, बाहेरच्या देशांसाठी आहे.’ व्हिडिओ ज्यावर जाणार होता, ते अ‍ॅप इथलंच होतं. चौथा टेक ओके झाला. मधली अकरा सेकंदं मी कापली. पुढे एका ठिकाणी तिचा आवाज थरथरला, तेही कापलं होतं. डायरेक्टर म्हणाला, ‘ते ठेव. तेच खरं वाटतं.’ मी ठेवलं. त्या अख्ख्या व्हिडिओत तिचं घाबरणं तेवढं खरं होतं, आणि खपलंही तेच.

‘शूट मी करत नाही, मी फक्त जोडतो,’ असं मी बायकोला सांगायचो. घरभाडं थकलं होतं, हेही खोटं नाही. फेब्रुवारी २०२१ मध्ये मढच्या एका बंगल्यावर, असल्याच शूटवर, पोलिसांचा छापा पडला. तो आमचा नव्हता, तरी आमचा मालक कुलूप लावून गायब झाला. त्या रात्री मी आयटी कायद्याचं कलम ६७-अ, लैंगिक कृत्यांचे व्हिडिओ ऑनलाइन टाकण्याबद्दलचं, वाचत बसलो. पाच वर्षांपर्यंत कैद, दहा लाखांपर्यंत दंड. ती बाई मला आठवलीसुद्धा नाही.

आठवली ती अमेरिकेतल्या सॅन दिएगोच्या एका पॉर्न साइटवरच्या खटल्याबद्दल वाचताना. तिथे २२ बायकांना सांगितलं होतं, इंटरनेटवर येणार नाही, डीव्हीडी परदेशात जातील. त्यांच्याही सह्या होत्या. फसवून घेतलेल्या सह्या कोर्टानं मानल्या नाहीत. जानेवारी २०२० मध्ये सुमारे १ कोटी २७ लाख डॉलर भरपाई दिली.

आमच्याकडच्या बाईला उद्या कोर्टात जावंसं वाटलं तर तिच्याविरुद्ध चौथा टेक आहे, स्वच्छ, एका दमात म्हटलेला. त्याआधीची अकरा सेकंदं कुठेच नाहीत.