कुर्डी: मे महिन्यात वर येणारं गाव कॅमेऱ्यात धरताना

गोव्यात सांगे तालुक्यातल्या कुर्डीला जायचं तर मे महिन्यातच. साळावली धरणाचं पाणी 1986च्या सुमारास इथे चढलं आणि गायिका मोगूबाई कुर्डीकरांचं हे गाव वर्षाचे बहुतेक महिने पाण्याखाली जाऊ लागलं. उन्हाळ्यात पाणी ओसरलं की चिऱ्यांचे चौथरे, विहिरींचे कठडे, झाडांची खुंटं उघडी पडतात. इतरत्र वसवलेले जुने गावकरी सोमेश्वराच्या उत्सवाला आणि कपेलाच्या (छोट्या चर्चच्या) फेस्ताला परत येतात. मी म्हणेन, गर्दीआधी एक फेरी नुसत्या जागेसाठी करा, मग उत्सवात या.

पहिला शत्रू गाळ. वरून भेगाळलेला, कोरडा. पाण्याच्या कडेला मात्र पापुद्र्याखाली नुसतं लोणी. ट्रायपॉड आधी ठाम वाटतो, मग सावकाश खचतो. क्षितिज कललेलं छोट्या मॉनिटरवर कळत नाही, एडिटिंगला बसल्यावर कळतं. तिन्ही पायांखाली वीत-वीतभर प्लायचे तुकडे टाका आणि मधला दांडा वर काढू नका.

उन्हाचं गणित सोपं आहे. आयएसओ 800, शटर 1/50, ॲपर्चर 5.6 ठेवायचं तर सात स्टॉपचा एनडी, म्हणजे प्रकाश सात वेळा निम्मा करणारी लेन्सवरची काळी काच लागते. त्याऐवजी शटरचा वेग वाढवला की वाऱ्यावरचं गवत तुटक-तुटक हलतं. व्हेरिएबल (फिरवून कमी-जास्त करायचा) एनडी वाइड लेन्सवर आकाशात काळपट फुली उमटवतो, म्हणून साधाच बरा. ऑटो एक्स्पोजर बंद. नाहीतर ढग सरकताना चौथरे आपोआप उजळतात-काळवंडतात. अकरानंतर टेलिफोटोचा नाद सोडा, तापलेल्या जमिनीवरची हवा सगळं थरथरवते.

टेक, म्हणजे एक सलग चित्रण, किमान चार मिनिटांचा घ्या. 100 एमबीपीएसला (सेकंदाला 100 मेगाबिट) मिनिटाला 750 एमबी, म्हणजे टेकमागे 3 जीबी; परवडतं. पहिलं मिनिटभर प्रेक्षक पडकं घर बघतो. नंतर तो स्वयंपाकघर कुठे असेल, दार कुठल्या दिशेला असेल ते शोधू लागतो. कॅमेरा फिरवला की हे शोधणं थांबतं. (ड्रोनने गाव नकाशासारखं दिसतं, तशी आठवण कुणाचीच नसते.)

माणसांचंही तसंच. ‘इथे आल्यावर काय वाटतं?’ विचारलं की घोटलेली उत्तरं येतात. ‘तुमचें घर खंय?’ (तुमचं घर कुठे?) एवढंच विचारा आणि त्यांना पुढे चालू द्या. भिंती नसल्याने ती विहिरीवरून, तुळशीवृंदावनावरून अंदाज घेतात, चुकतात, दहा पावलं मागे येतात. त्या दहा पावलांसाठी फ्रेम आधीच रुंद लावलेली हवी. लॅपल माइक (कपड्याला अडकवायचा छोटा माइक) सदऱ्याच्या आत, त्यावर फरचं आवरण. धरणाच्या मोकळ्या पात्रावरून येणारा वारा माइकवरच्या साध्या फोमला जुमानत नाही. शेवटी कुणालाही बोलू न देता तीन मिनिटं नुसता परिसराचा आवाज घ्या. तो नसला की जोडणीत प्रत्येक कट ऐकू येतो.

कुर्डीचं महादेवाचं दगडी देऊळ गाव बुडण्याआधी सुटं करून धरणाजवळ पुन्हा उभारलंय. तेही त्याच लेन्सने, त्याच उंचीवरून घ्या, म्हणजे दोन्ही जागा शेजारी ठेवता येतील. तिथे ट्रायपॉड लावायचा तर पुरातत्त्व खात्याकडे मार्चमध्येच अर्ज टाका. मेमध्ये टाकलात तर परवानगीआधी पाऊस येईल.